वरच्या मजल्यावरची मींड

"पुढच्या व्हर्जनला बघू की, आजी."

असं म्हणताना तो उजव्या हाताचं एक बोट वर करायचा. जणू पुढचं व्हर्जन तिथं छताला टांगलेलं आहे, शिडी तेवढी आणायची राहिली आहे. माझ्या न्हाणीघरात त्याच्या घरातलं पाणी ठिबकायला लागलं, तेव्हा बोट वर. लग्नाचं काय रे, असं विचारलं, तेव्हा बोट वर. एकदा माझ्याकडे जेवायला बसला आणि मी विचारलं, "आमटीत मीठ कमी आहे का?" तर तोंडात घास असताना बोट वर. त्या दिवशी मात्र मी त्याच्या बोटावर पळी मारली.

तुमच्याही इमारतीत असा एक असेल. लिफ्टमध्ये भेटतो, गळ्यात हेडफोन अडकवलेला असतो, हसतो आणि उतरून जातो. तुम्ही त्याला आयटीवाला समजून सोडून देता. मीही सोडला असता, पण हा माझ्या बरोबर डोक्यावर राहत होता. जे. पी. नगरच्या आमच्या इमारतीत मी पहिल्या मजल्यावर, तो दुसऱ्या. मी त्याला मनातल्या मनात 'वरचा' म्हणायची. नाव माहीत झालं तरी वरचाच राहिला.

आमची ओळख भांडणातून झाली. एके दिवशी सकाळी वरून 'टूंऽऽई' असा आवाज आला. मग पुन्हा. मग पुन्हा तोच. मी पंचवीस वर्षं जयनगरात मुलांना गाणं आणि पेटी शिकवली आहे, त्यामुळे चुका मोजायची सवय आहे. चाळीसपर्यंत मोजलं आणि पदर खोचून वर गेले.

दार उघडलं एका पस्तिशीच्या माणसानं. केस पुढून मागं गेलेले, डोळे नुकतेच उठल्यासारखे.

"काय चाललंय हे?"

"फीचर आहे, आजी."

"थांबव ते."

"थांबत नाही, तेच बघतोय की."

बोलण्यावरून निपाणीकडचा वाटला, आणि निघालाही. मी आत डोकावले. वाद्य म्हणावं असं घरात काही नव्हतं. टेबलावर कॉम्प्युटर, दोन स्पीकर आणि पोळपाटाहून थोडी लांब, काळी, रबरासारखी मऊ अशी एक पाटी. तिच्यावर पेटीच्या पट्ट्यांसारख्या रेघा उमटवलेल्या. वाद्य कुठे आहे, असं मी विचारलं.

"आत असतंय," तो कॉम्प्युटरकडे बोट करून म्हणाला. "आम्ही तेच करतो, कंपनीत. सिंथेसायझर. सनईसारखं वाजव म्हटलं तर सनईसारखं, पावसाच्या पत्र्यासारखं म्हटलं तर पत्र्यासारखं. सिनेमाची, जाहिरातींची गाणी करणारे लोक वापरतात. सहा महिन्यांनी नवीन व्हर्जन, त्यात नवीन फीचर."

"मग ते कानाला लावून ऐक ना. इतक्या मोठ्यानं कशाला?"

"कानाला लावून सगळंच चांगलं वाटतं, आजी. खोलीत सोडलं की खरं कळतं."

हे मात्र मला पटलं. न्हाणीघरात सगळेच चांगले गातात, हे मी स्वतःवरून ओळखून होते.

त्यानंतर तो दुपारी चारच्या चहाला लॅपटॉप घेऊन खाली यायला लागला. "आजी, स्वल्प ऐका की," म्हणायचा आणि एकेक आवाज सोडायचा. मला परीक्षक व्हायला कोणी बोलावलं नव्हतं आयुष्यात, त्यामुळे मी फार मनावर घेतलं. डोळे मिटून ऐकायची, हात वर करून निकाल द्यायची. एकदा डोळे मिटले ते मिटलेच. जाग आली तेव्हा त्याच्या वहीत लिहिलेलं दिसलं, 'आजी झोपल्या. आवाज गोड आहे, पण धोका.'

त्या वेळच्या व्हर्जनमधलं त्याचं लाडकं फीचर म्हणजे बिघाड. हो, बिघाडच. स्क्रीनवर एक गोल खुंटी होती. ती फिरवली की प्रत्येक सूर किंचित ढळायचा, एक वर, एक खाली. दुसरी फिरवली की भात्यातून हवा निसटल्यासारखी सुसू व्हायची.

"आधी चांगलं होतं की," मी म्हटलं.

"तेच तर. फार चांगलं होतं. लोकांना खरं वाटत नाही."

मी कपाळाला हात लावला. पंचवीस वर्षं मी पोरांच्या गळ्यातला बेसूरपणा वेचून काढत होते, आणि हा पगार घेऊन तो परत घालत होता. शिवाय माझ्या जुन्या पेटीवर त्याचा डोळा. तिची एक पट्टी दाबली की कण्हते आणि सोडली तरी थोडा वेळ कण्हत राहते. मी कोणी यायच्या आत ती पेटी चादरीखाली झाकून ठेवायची, लग्नाच्या मुलीचा दोष झाकावा तशी. यानं चादर काढली, ती पट्टी पन्नास वेळा दाबली आणि म्हणाला, "काय बिघाड आहे, आजी. असा करायला आम्हाला दोन महिने लागतील." पेटीचं एवढं कौतुक तिला विकत घेतलं त्या दिवशीही झालं नव्हतं.

आणि मग त्याचे आप्पा आले.

आप्पा निपाणीजवळच्या गावातले. सगळी हयात लग्नांत आणि देवळात सनई वाजवली. पुढचे दात पडले आणि सनई ओठांत धरवेना. वरच्यानं त्यांना जयनगरला दातांच्या डॉक्टरकडे आणलं, नवी कवळी करून दिली. कवळी छान बसली. आप्पा भाकरी खायला लागले, शेंगदाणे खायला लागले, पण सनई धरली की नुसती हवा. तीन दिवस प्रयत्न केला. चौथ्या दिवशी कवळी खिशात घालून लेकाबरोबर माझ्याकडे चहाला आले आणि सोफ्याच्या टोकाला बसले.

"अक्का, सनई देवळात देऊन टाकणार हाय दसऱ्याला," ते मला म्हणाले. "वाजत न्हाई ते घरात कशाला?"

वरचा गडबडीनं म्हणाला, "आप्पा, हे बघा की." त्यानं लॅपटॉप उघडला, काळी पाटी त्यांच्या पुढ्यात ठेवली आणि सनईचा आवाज लावला. हुबेहूब. बिघाडासकट. मला तर लग्नाचा मांडवच दिसायला लागला.

आप्पांनी एक बोट ठेवलं. सूर आला. दुसरं ठेवलं. दुसरा आला. मग त्यांनी पहिल्या सुरावरचं बोट न उचलता दुसऱ्याकडे ओढत नेलं, सनईवर नेतात तसं. आवाज होता तिथंच राहिला, आणि दुसऱ्या रेघेवर गेल्यावर टुणकन उडी मारली.

आप्पांनी हात मांडीवर घेतला.

"सगळं हाय रे तुझ्यात," ते लेकाला म्हणाले, "दोन सुरांच्या मधी काय न्हाई."

 मी बघत होते. मांडीवर त्यांची बोटं हलत होती. सनईची भोकं मिटत होती, उघडत होती.

त्यांचं ते वाक्य ऐकून माझा कप बशीत वाजला. का, ते त्या वेळी कोणाला सांगितलं नाही, आता सांगते. वयाच्या चोविसाव्या वर्षी मी रेडिओवर गाण्यासाठी परीक्षा द्यायला गेले होते. मोरपंखी साडी, दोन्ही हातांत काचेच्या बांगड्या, आणि डोक्यात अशी हवा की परीक्षकच उठून नमस्कार करतील. नुसता दोन परीक्षांचा कागद जवळ होता, पण 'आमच्या गाण्यात' असं म्हणायची, जणू आमच्या सात पिढ्या तंबोऱ्यावरच झोपत होत्या. गायले. पलीकडचे म्हातारे परीक्षक शांतपणे म्हणाले, "सूर पक्के आहेत, बाई. पण दोन सुरांच्या मध्ये तुम्ही नसता."

पेटीवर शिकलेली बाई मी. पेटीवर एका सुरावरून दुसऱ्यावर जायचं म्हणजे पायरीवरून पायरीवर. मधे घसरत जायला जागाच नाही. मींड माझ्या गळ्यात कधी बसलीच नव्हती. पण घरी येऊन मी सांगितलं की घसा बसला होता. पुढं जवळजवळ पन्नास वर्षं तेच सांगत राहिले. शेवटी शेवटी मलाही खोकला आठवायला लागला.

तर आता कळलं ना तुम्हाला, माझा कप का वाजला. मी आणि ते यंत्र, दोघांचा निकाल एकच होता.

आप्पा गावी गेले. जाताना सनई पिशवीत होती, दसऱ्याला दोन महिने होते.

वरचा चहाला आला, पण लॅपटॉप न घेता. मी विचारलं, "अरे, ते बोट ओढलं की सूर ओढला जाईल, असं करता येत नाही का तुला?"

"केलंय की. दोन वर्षं झाली, अर्धं करून पडलंय. कंपनी घेत नाही. म्हणतात, लोक मागत नाहीत, पुढच्या व्हर्जनला बघू."

तेव्हा माझ्या लक्षात आलं. ते वाक्य त्याचं नव्हतंच. त्याला वरून मिळत होतं, आणि तो खाली मला देत होता. न्हाणीघरातल्या पाण्यासारखं.

"आप्पांची फक्त हवा गेली आहे, आजी," तो म्हणाला. "बोटं आहेत. बोटांत सगळं आहे. या व्हर्जनमध्ये हे आलं तर दसऱ्याच्या आत पाटी घेऊन गावी जातो. नाही आलं तर..." त्याचं बोट वर गेलं नाही. तेच मला फार लागलं.

महिनाअखेरीला कंपनीत सगळ्यांना आपापलं फीचर दाखवायचं होतं. त्याचं दाखवण्यासारखं होत नव्हतं. त्यानं एकदा ऐकवलं. बोट ओढलं की आता सूर जात होता, पण कसा, तर आमच्या लिफ्टसारखा. एका वेगानं निघायचा, एका वेगानं पोचायचा.

"एखादा खरा गळा पाहिजे," तो म्हणाला. "त्याची रेघ बघून तशी रेघ काढतो. आजी, तुम्ही मींड गाता का?"

इथं मी काय म्हणायला हवं होतं? 'मला येत नाही' म्हणायला हवं होतं. सत्तरी उलटलेल्या बाईनं एवढं तरी शिकलेलं असावं. पण आतून ती मोरपंखी साडीवाली उठली आणि म्हणाली, "उद्या दहाला ये. रियाज करून बसते."

दुसऱ्या दिवशी मी रेशमी साडी नेसून बसले. त्यानं माइक लावला. मी गायले, डोळे मिटून, हात हवेत फिरवून. हात छान फिरत होता. थांबले तर तो स्क्रीनकडे बघत होता.

"कसं झालं?"

"छान झालं."

"खरं सांग."

त्यानं स्क्रीन माझ्याकडे फिरवली. माझ्या गाण्याची रेघ होती. जिना होता तो. सरळ, नीट, एकेक पायरी. म्हाताऱ्या परीक्षकांचं वाक्य कोणी काढून दाखवावं तसा.

मी काही बोलणार, एवढ्यात खालून भाजीच्या गाडीचा भोंगा ऐकू आला. आमचा भाजीवाला अण्णा आवाज भरून ठेवलेला भोंगा गाडीला लावतो आणि पायाला चाकं असल्यासारखा पळतो. त्याच्या भोंग्याच्या वर आवाज गेला तरच थांबतो. घरात दोन बटाटे सोडून काही नव्हतं. मी तशीच उठले, रेशमी साडीचा घोळ हातात धरून गॅलरीत धावले आणि कानडीत जरा थांबा म्हणून हाक मारली, "अण्णाऽऽऽ, स्वल्प निल्लीऽऽ!"

गाडी थांबली. तो अजून मला अक्का म्हणतो, अम्मा म्हणत नाही, म्हणून मी त्याच्याचकडून घेते. दोन जुड्या मेथी, पाव किलो वांगी घेऊन परत आले, तर वरचा खुर्चीवरून उठून उभा होता. माइक चालूच राहिला होता.

"आजी, हे बघा."

स्क्रीनवर एक रेघ होती, अशी की मला वाटलं त्याच्या कॉम्प्युटरवर कोणी रांगोळी काढली. खाली थोडी रेंगाळलेली, मग एकदम निघालेली, सुराच्या जरा पुढं जाऊन मागं वळून बसलेली, आणि बसल्यावरही थोडी हललेली.

"हे कोण?" मी विचारलं.

"तुम्हीच. अण्णांना थांबवलं ते."

मेथी मांडीवर घेऊन मी बसले. काही वेळ मला हसू आलं की रडू, ते सांगता येणार नाही. सगळा जन्म जी मींड शोधली, ती गॅलरीत होती. रोज सकाळी भाजी आणत होती.

त्यानं त्या रेघेवरून काम सुरू केलं. दोन दिवसांनी ऐकवलं. मला बरं वाटलं, पण माझं काय, मला माझंच ऐकू येत होतं. त्याला काळजी वेगळीच.

"कंपनीत विचारतील, लोकांना फरक कळतो का. काय सांगू?"

"कंपनीला काय विचारतोस," मी म्हटलं, "अण्णाला विचार."

मग ठरलं असं. अण्णा आला की मी गॅलरीत जायचं नाही, तोंड उघडायचं नाही. वरच्यानं त्याच्या गॅलरीत स्पीकर ठेवून माझ्या हाकेची नुसती चाल वाजवायची, शब्दांशिवाय, त्याच्या सनईच्या आवाजात. गाडी थांबली तर फीचर पास.

पहिल्या दिवशी गाडी गेली. दुसऱ्या दिवशी अण्णानं वर बघितलं, कोणाचा तरी फोन वाजतोय असा चेहरा केला आणि गेला. मी स्वयंपाकघरात तोंडावर हात दाबून उभी, कारण सवयीनं हाक गळ्यापर्यंत येत होती. दोन्ही दिवस बटाटे. उकडून, मग परतून.

तिसऱ्या दिवशी वरचा धावत खाली आला. "सुरावर पोचल्यावर मी लगेच थांबवत होतो. तुम्ही पोचल्यावर जरा हलता. ते राहिलं होतं." मला म्हणावंसं वाटलं, हो रे, आम्ही कुठंही पोचलो की जरा हलतोच. पण गाडी आली होती.

वरून तो आवाज निघाला. खाली रेंगाळला, उचलला, पुढं गेला, मागं येऊन बसला.

भोंगा बंद झाला. अण्णा पहिल्या मजल्याच्या माझ्या रिकाम्या गॅलरीकडे बघून ओरडला, "अक्का, एनु बेकु?"

काय हवं, म्हणून विचारत होता बिचारा. मी कांदे घेतले. दुसरं काही सुचलंच नाही.

वरच्यानं फोनवर ते सगळं टिपलं होतं. कंपनीत त्यानं दुसरं काही दाखवलं नाही म्हणे, फक्त गाडी जाताना आणि गाडी थांबताना. सगळे हसले, आणि घेतलं.

नवीन व्हर्जन आलं त्या दिवशी नव्या फीचरांची लांबलचक यादी त्यानं मला वाचून दाखवली. नवे आवाज, नव्या खुंट्या, नवे रंग. मी वाट बघत होते. शेवटून दुसरी ओळ आली. 'बोटाने सूर सरकवण्याची सोय; वक्रतेत किरकोळ सुधारणा.'

"किरकोळ?" मी म्हटलं.

"असंच लिहितात, आजी."

मी ती ओळ कागदावर छापून आणायला लावली. पेटीच्या चादरीखाली ठेवली आहे. रेडिओनं नाकारलेली बाई किरकोळ सुधारणा म्हणून का होईना, पास झाली.

दसऱ्याच्या आठवडाभर आधी तो निघाला. कंपनीनं घरून काम करायला परवानगी दिली होती, त्यामुळे घरच सोडलं. काळी पाटी पिशवीत, वर मी दिलेला गोडा मसाला. जाण्याच्या आदल्या दिवशी त्याच्या घरी प्लंबर आलेला पाहिला. माझ्या न्हाणीघरातली गळती थांबली. मी जिन्यात त्याला म्हटलं, "हे काय, याच व्हर्जनमध्ये?" तो नुसता हसला. बोट वर करायला हात मोकळा नव्हता.

आता वर एक नवरा-बायको राहतात. काही आवाज येत नाही. छतही कोरडं. मला मेलं करमत नाही.

दसऱ्यानंतर त्याच्याकडून फोनवर एक आवाज आला. सोबत काही लिहिलेलं नव्हतं. मी गॅलरीत खुर्ची घेऊन बसले आणि लावला. आधी नुसता एक सूर. लांब, न हलणारा. बोट ठेवून माणूस घाबरला असावा इतका वेळ. मग तो निघाला. घाई नाही. खालून, हळूहळू, जाताना प्रत्येक जागी उभा राहून, आणि वरच्या सुरावर बसला, आणि बसल्यावर हलला. माझी हाक नव्हती ती. माझ्या हाकेला काय येतंय तेवढं? ती त्यांची होती. मधे सगळं भरलेलं होतं.

थांबल्यावर आप्पांचा आवाज आला, कवळीशिवायचा. "बरं हाय. दम कुठाय पण?"

आणि वरच्याचा, "पुढच्या व्हर्जनला, आप्पा."

मी पुन्हा लावला. या वेळी आवाज पूर्ण मोठा करून. खाली भोंगा येत होता, तो मधेच बंद झाला. मी वाकून पाहिलं. अण्णा गाडीच्या दांड्यावर हात ठेवून उभा होता. त्यानं माझ्याकडे बघितलं नाही, काय हवं म्हणून विचारलंही नाही. दुसऱ्या मजल्याच्या बंद गॅलरीकडे मान वर करून तो शेवटपर्यंत ऐकत राहिला. मग भोंगा न लावताच गाडी ढकलत हळूहळू निघून गेला.

त्याला हाक मारायचं माझ्या लक्षातच राहिलं नाही. त्या दिवशी पुन्हा बटाटे.